काठीवाला मिस्टर पंच आणि वाघ झालेले कलाकार : ब्रिटनच्या बाहुलीनाट्याकडे बडोद्यातून पाहताना

आपल्या मंडळातल्या बऱ्याच घरांतली मुलं आता ब्रिटनमध्ये स्थायिक झाली आहेत. उन्हाळ्यात इथून आई-वडील दोन-तीन महिने तिकडे राहून येतात आणि परत आले की मंडळाच्या ओट्यावर तिकडच्या गोष्टी निघतात. अशाच गप्पांत एका काकूंनी सांगितलेला प्रसंग आमच्या लक्षात राहिला. नातवाला घेऊन त्या समुद्रकिनारी गेल्या होत्या. वाळूत लाल-पांढऱ्या पट्ट्यांचा एक उभट तंबू आणि समोर बसलेली पन्नासेक मुलं. तंबूच्या खिडकीत मोठ्या नाकाची, कुबड असलेली एक बाहुली आली, चिरक्या आवाजात काहीतरी बोलली आणि काठीनं सगळ्यांना बडवत सुटली. बायकोला, पोलिसाला, मगरीला. मुलं हसून लोळत होती. काकू म्हणाल्या, "नवरा बायकोला मारतोय आणि पोरं हसतायत. मला काही ते बरं वाटलं नाही. पण खरं सांगू? हसू मलाही आलं."

काकूंना पडलेला पेच ब्रिटनमध्ये गेली कित्येक वर्षं जाहीरपणे चर्चिला जातो. त्या खेळाचं नाव 'पंच अँड ज्युडी'. ब्रिटननं 2024 मध्ये युनेस्कोच्या अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या कराराला मान्यता दिली. हा करार 2003 चा आहे आणि भारतानं तो 2005 मध्येच स्वीकारला होता. ब्रिटनला वीस वर्षं लागली. आता तिथे जिवंत वारशाची राष्ट्रीय यादी करण्याचं काम सुरू आहे, आणि त्यामुळे जुना प्रश्न नव्यानं पुढे आला आहे. परंपरा म्हणून नेमकं काय जपायचं? बाहुली, गोष्ट, की ती सादर करण्याची विद्या? बडोद्यात सात-आठ पिढ्या काढलेल्या आपल्यासारख्यांना हा प्रश्न परका वाटू नये. म्हणून ही थोडी सविस्तर मांडणी.

इटलीहून आलेला इंग्रज

मिस्टर पंच अस्सल इंग्रज समजला जातो. 2006 मध्ये इंग्लंडची ओळख सांगणाऱ्या गोष्टींची एक यादी सरकारच्या पाठिंब्यानं जाहीर झाली, तेव्हा पहिल्या बारा नावांत चहाचा कप, स्टोनहेंज आणि स्पिटफायर विमान यांच्या जोडीला 'पंच अँड ज्युडी' होतं. पण हा गृहस्थ मुळात इंग्रज नाही. इटलीतल्या लोकनाट्यात पुल्चिनेल्ला नावाचं एक खादाड, भांडकुदळ, मोठ्या नाकाचं पात्र होतं. इटालियन खेळकऱ्यांबरोबर ते लंडनला आलं. सॅम्युअल पीप्स या सरकारी अधिकाऱ्यानं आपल्या रोजनिशीत 9 मे 1662 रोजी कॉव्हेंट गार्डनमध्ये इटालियन बाहुल्यांचा खेळ पाहिल्याची नोंद केली आहे. ब्रिटनमधले बाहुलीकार तोच दिवस पंचचा वाढदिवस मानतात. दर वर्षी मे महिन्यातल्या दुसऱ्या रविवारी तिथल्या सेंट पॉल चर्चच्या आवारात देशभरचे पंचवाले जमतात आणि दिवसभर खेळ करतात.

लंडनला आल्यावर या पाहुण्याचं बरंच काही बदललं. पुल्चिनेल्लाचा आधी पंचिनेलो झाला, मग नुसता पंच. सुरुवातीला तो तारेवर चालणारी कळसूत्री बाहुली होता. अठराव्या शतकाच्या अखेरीपर्यंत तो हातात मोज्यासारखा घालायच्या बाहुलीत उतरला. कारण साधं होतं. कळसूत्री बाहुल्यांना रंगमंच, गाडी आणि माणसं लागतात. हातमोजा बाहुलीचा तंबू एक माणूस खांद्यावर घेऊन गावोगाव हिंडू शकतो. पंचच्या बायकोचं नाव आधी जोन होतं, ते एकोणिसाव्या शतकात ज्युडी झालं. त्याला अडवायला येणारा जुन्या काळचा गावकामगार जाऊन लंडनच्या नव्या पोलिस दलातला शिपाई आला. रेल्वे सुरू झाली, 1871 च्या कायद्यानं बँकांना सुट्ट्या मिळाल्या, लोक समुद्रकिनारी जाऊ लागले आणि पंचही त्यांच्यामागे वाळूत गेला. आज आपण ज्याला शेकडो वर्षांची परंपरा म्हणतो, त्यातला किनारा आणि पट्ट्यांचा तंबू हा व्हिक्टोरिया राणीच्या काळातला आहे.

आपल्याकडे पंच पोचला तो बाहुलीच्या नव्हे, छापील रूपात. लंडनच्या 'पंच' या व्यंगचित्रांच्या साप्ताहिकावरून मुंबईत 'पारशी पंच' आणि पुढे 'हिंदी पंच' निघाले. म्हणजे इटलीचा विदूषक इंग्लंडमार्गे थेट आपल्या भागातल्या वाचकांपर्यंत आला होता.

तोंडातली पट्टी आणि डावा हात

इतकं सगळं बदलल्यावर पंच हा पंच कशामुळे राहिला? त्याचं एक उत्तर त्याच्या आवाजात आहे. पंचवाला तोंडात टाळूशी एक छोटी वस्तू धरतो. धातूच्या दोन बारीक पट्ट्या, मध्ये ताणलेली फीत, बाहेरून दोरा गुंडाळलेला. तिला 'स्वॉझल' म्हणतात. पंचची वाक्यं या पट्टीतून आणि बाकी पात्रांची वाक्यं पट्टी गालाशी सरकवून साध्या आवाजात बोलायची, तेही दोन्ही हात डोक्यावर धरून, अर्धा-पाऊण तास. ही पट्टी एकदा तरी गिळल्याशिवाय कुणी खरा पंचवाला होत नाही, असं तिकडे गमतीनं म्हणतात.

राजस्थानी कठपुतळीचा खेळ आपण सगळ्यांनी पाहिला आहे. त्यात बाहुल्यांच्या तोंडी येणारा शिट्टीसारखा आवाज आठवा. तो 'बोली' नावाच्या छोट्या साधनातून काढतात. बोलीतले शब्द नीट कळत नाहीत, म्हणून ढोलकीवाला तेच परत सांगतो आणि बाहुलीशी संवाद करतो. पंचच्या खेळातही तसंच घडतं. पंच काय म्हणाला ते ज्युडी किंवा पोलीस परत उच्चारतात, नाहीतर बाहेर उभा असलेला साथीदार सांगतो. या साथीदाराला 'बॉटलर' म्हणतात. गर्दी जमवणं आणि पैसे गोळा करणं हेही त्याचंच काम.

दुसरं उत्तर हातांच्या हिशेबात आहे. पंच कायम उजव्या हातावर असतो. उरलेली सगळी पात्रं डाव्या हातावर, एकामागून एक. म्हणून पंच सतत समोर आणि त्याला भेटणारा दर वेळी नवा. ज्युडी गेली की पोलीस, पोलीस गेला की विदूषक जोई, मग सॉसेजची माळ पळवणारी मगर. खेळाची रचना कुणी कागदावर आखलेली नाही, माणसाला दोन हात असतात यातून ती आली आहे. त्यामुळे डाव्या हातावरचं पात्र बदलणं सोपं जातं. जुनं काढायचं, नवं चढवायचं.

पंचवाल्यांना तिकडे 'प्रोफेसर' म्हणतात, त्याला विद्यापीठाची पदवी लागत नाही. बडोद्याला हे समजावून सांगायची गरज नाही. जुम्मादादा व्यायाम मंदिराचे माणिकराव आपल्या सगळ्यांना 'प्रोफेसर माणिकराव' म्हणूनच ठाऊक आहेत. लोकांनी विद्येचा मान म्हणून दिलेली ही पदवी.

काठीचं काय करायचं

आता काकूंच्या पेचाकडे येऊ. पंच बायकोला मारतो, रडणारं बाळ खिडकीबाहेर फेकतो, कायद्याच्या माणसाला झोडपतो आणि शेवटी सुटतो. ज्या देशात घरगुती हिंसाचाराबद्दल आता उघडपणे बोललं जातं, तिथे हे मुलांसमोर हसण्यासारखं म्हणून मांडावं का? काही स्थानिक परिषदांनी आणि आयोजकांनी अशा खेळांना नकार दिला आहे. त्यावर दुसऱ्या बाजूनं 'आमच्या परंपरेवर घाला' अशी ओरड होते. वर्तमानपत्रांना दर उन्हाळ्यात एक बातमी मिळते.

खेळाच्या बाजूचा युक्तिवाद जुना आहे. 1849 मध्ये चार्ल्स डिकन्सनं एका पत्रात असं मत मांडलं होतं की, रस्त्यावरचा पंच ही निव्वळ धमाल आहे, कुणी त्याचं अनुकरण करायला जात नाही, आणि त्याला सद्वर्तनाचे धडे द्यायला लावलं तर त्यातली मजाच जाईल. त्यात तथ्य आहे. लाकडी डोक्यावर काठीचा ठोका बसतो तेव्हा मुलाला ते लाकूड आहे हे पक्कं ठाऊक असतं. सगळ्या मोठ्यांचं ऐकावं लागणाऱ्या चार-पाच वर्षांच्या पोराला, कुणाचंच न ऐकणारा कुणीतरी पाहून जे सुख होतं, ते खोटं नाही.

पण आक्षेप घेणाऱ्यांना हळवं म्हणून उडवून लावणंही आम्हाला पटत नाही. घरात खरोखरच मार पाहिलेलं मूल त्या गर्दीत बसलेलं असू शकतं. शिवाय 'परंपरा बदलू नका' म्हणणाऱ्यांनी पंचचाच इतिहास पाहावा. 1828 मध्ये जॉन पेन कॉलिअर यांनी या खेळाची संहिता प्रथम छापली. पिचिनी नावाच्या म्हाताऱ्या इटालियन खेळकऱ्याचा प्रयोग पाहून ती तयार केली होती, चित्रं जॉर्ज क्रुकशँकची. त्या खेळात आंधळा भिकारी होता, त्याचीही टर उडवली जाई. व्हिक्टोरियन काळातल्या खेळांत काळ्या माणसांची टिंगल करणारं एक पात्र होतं. ही पात्रं गेली आणि पंच मेला नाही. त्यांच्यासाठी आज कुणी गळा काढत नाही.

फाशी देणाऱ्या जॅक केचचं उदाहरण तर आणखी बोलकं आहे. जुन्या खेळाचा कळस तो होता. पंच म्हणतो, "फासात डोकं कसं घालायचं ते मला येत नाही, तुम्हीच दाखवा ना." जल्लाद दाखवायला जातो आणि स्वतःच लटकतो. ज्या प्रेक्षकांनी चौकात फाशी दिलेली पाहिली होती, त्यांना हा विनोद आतपर्यंत भिडत असणार. ब्रिटनमध्ये जाहीर फाशी 1868 मध्ये बंद झाली आणि खुनाबद्दलची फाशी 1960 च्या दशकात. आजच्या मुलाला जल्लाद म्हणजे कोण हेच ठाऊक नाही. अनेक पंचवाल्यांनी तो प्रवेश हळूहळू सोडून दिला. कुणी बंदी घातली नव्हती. समोरून हशा येईना, एवढं कारण पुरलं.

आज बरेच पंचवाले, आणि त्यांत आता स्त्रियाही आहेत, ज्युडीचा प्रवेश बदलून करतात. कुठे काठी ज्युडीच्या हातात जाते आणि पंचलाच चोप मिळतो. कुठे बाळ फेकलं जात नाही, बाळ सांभाळता न आल्यानं पंचची फजिती होते. कुठे सगळा भर मगर आणि सॉसेजवर असतो. काही मात्र जुनाच खेळ करतात. आमच्या मते निर्णय असाच, तंबूच्या आत, प्रेक्षकाकडे कान लावून व्हायला हवा. बंदीचा ठराव आणि 'एक शब्दही बदलणार नाही' हा हट्ट, दोन्ही त्या कलाकाराच्या हातातला निर्णय काढून घेतात.

वाघाला मिळालेलं पारितोषिक

किनाऱ्यावर हा वाद चालू असताना ब्रिटनच्या मोठ्या रंगभूमीवर बाहुल्यांना कधी नव्हे इतके चांगले दिवस आले आहेत. त्याची पायाभरणी छोट्या ठिकाणी झाली. लंडनच्या इझलिंग्टन भागात 1961 मध्ये जॉन राइट यांनी एका जुन्या सभागृहात 'लिटल एंजल थिएटर' सुरू केलं. जेमतेम शंभर प्रेक्षकांची जागा. बाहुल्या शेजारच्याच कार्यशाळेत बनत. ब्रिटनचे अनेक बाहुलीकार तिथे घडले. दूरचित्रवाणीनंही मोठा हात दिला. 1960 च्या दशकातली 'थंडरबर्ड्स', 1984 पासून पंतप्रधान आणि राजघराण्याची बेधडक थट्टा करणारी 'स्पिटिंग इमेज' यांनी बाहुलीला घराघरांत नेलं. पंचचा उद्धटपणा तिथे रबरी मुखवट्यांत जिवंत होता असं म्हणायला हरकत नाही.

मग 2007 मध्ये लंडनच्या नॅशनल थिएटरनं 'वॉर हॉर्स' आणलं. मायकेल मॉर्पर्गो यांच्या कादंबरीतला घोडा रंगमंचावर आणायचा होता. तो केला दक्षिण आफ्रिकेतल्या केप टाऊनच्या 'हँडस्प्रिंग' कंपनीनं. वेताच्या सांगाड्याचा, माणूस पाठीवर बसू शकेल असा घोडा आणि त्याला चालवणारी तीन माणसं, प्रेक्षकांना स्पष्ट दिसणारी. एक डोक्याशी, दोन सांगाड्याच्या आत. तिघांचा श्वास एक झाला की घोडा श्वास घेतो. ही पद्धत जपानच्या बुनराकूच्या जवळची आहे. तिथेही एका बाहुलीला तीन कलाकार असतात. 'वॉर हॉर्स' वर्षानुवर्षं लंडनमध्ये चाललं, अमेरिकेत गेलं, तिथे 2011 मध्ये सर्वोत्तम नाटकाचा टोनी पुरस्कार मिळाला.

त्यापुढचं पाऊल आपल्याला अधिक जवळचं आहे. पाँडिचेरीच्या मुलाची आणि वाघाची गोष्ट सांगणारी 'लाइफ ऑफ पाय' ही यान मार्टेल यांची कादंबरी भारतीय वंशाच्या लोलिता चक्रवर्ती यांनी रंगभूमीसाठी लिहिली. 2019 मध्ये ती शेफील्डला सुरू झाली आणि नंतर लंडनला आली. 2022 च्या ऑलिव्हिए पुरस्कारांत साहाय्यक अभिनेत्याचं पारितोषिक मिळालं वाघाला. म्हणजे वाघाची बाहुली आळीपाळीनं चालवणाऱ्या सात कलाकारांना मिळून. ज्या कलेकडे मुलांची करमणूक म्हणून पाहिलं जात होतं, तिला अभिनय म्हणून मान्यता मिळाली.

इथे एक गोष्ट नजरेत भरते. पंच इटलीचा, घोडा केप टाऊनचा, तीन माणसांची रीत जपानच्या वळणाची, लिटल एंजलचे जॉन राइटसुद्धा दक्षिण आफ्रिकेतून आलेले. ब्रिटिश बाहुलीनाट्यातून बाहेरून आलेलं सगळं वजा केलं तर हातात फार थोडं उरेल. त्यामुळे तिथलं बाहुलीनाट्य कमी ब्रिटिश ठरत नाही. आलेल्याला जागा देणं आणि पुढच्या पिढीला शिकवणं, यातून ते ब्रिटिश झालं.

खरा धोका कुठे आहे

मोठ्या रंगमंचाच्या झगमगाटात एक बाजू झाकली जाते. 2010 नंतर ब्रिटनमधल्या स्थानिक परिषदांचे हात आखडले आणि पहिली कात्री ग्रंथालयं, नाट्यगृहं, उत्सव यांना लागली. किनाऱ्यावरच्या गावांची रया तर त्याआधीच, लोक स्वस्तात स्पेनला जाऊ लागले तेव्हापासून गेली. पंचवाल्याचं पोट आता किनाऱ्यापेक्षा शाळा, जत्रा आणि वाढदिवसांवर चालतं. वाघ चालवणाऱ्या कलाकारानं बाहुली हातात धरायला कुठे शिकायचं? शंभर खुर्च्यांच्या थिएटरात, नाहीतर एखाद्या प्रोफेसरचा बॉटलर होऊन. ही खालची पायरी ढासळली तर वरचा घोडा आणि वाघ फार काळ उभे राहणार नाहीत. काठीवर जितकी चर्चा होते, त्याच्या निम्मीही या पायरीवर होत नाही. पंच काठीमुळे संपणार नाही, शिकणारा मिळाला नाही तर संपेल.

वारसायादीचा उपयोगही याच कसोटीवर तपासायला हवा. इटलीतल्या सिसिलीचा 'ओपेरा देई पुपी', इंडोनेशियाचं 'वायांग', जपानचं बुनराकू ही बाहुलीनाट्यं युनेस्कोच्या यादीत कधीच आली आहेत. यादीमुळे नाव होतं, पर्यटक येतात. पण यादीत 'पंच अँड ज्युडी' एवढंच लिहिलं आणि तोंडात पट्टी धरून बोलायला शिकवणाऱ्याची सोय केली नाही, तर उरेल ती संग्रहालयातली बाहुली. तिला आवाज नसेल.

आपल्या भाषेच्या मुलखातही हेच दिसतं. सिंधुदुर्गातल्या कुडाळजवळच्या पिंगुळी गावात ठाकर समाजानं कळसूत्री बाहुल्या, चामड्याच्या बाहुल्या आणि चित्रकथी सांभाळल्या. सावंतवाडी संस्थानचा आश्रय गेल्यावर त्या विझत चालल्या होत्या. परशुराम गंगावणे यांनी त्या शिकवत ठेवल्या, घराच्या आवारात संग्रहालय उभारलं, नवे विषय बाहुल्यांच्या तोंडी घातले. 2021 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. रामायणातल्या बाहुल्या स्वच्छतेबद्दल बोलू लागल्या म्हणून ती कला बाटली नाही. दोरी ओढणारी बोटं घरात तयार होत राहिली, म्हणून ती टिकली.

आपल्यापुरतं

गायकवाडांबरोबर आलेली आपली घरंही एका अर्थी पंचसारखीच. बाहेरून आलेली आणि इथलीच होऊन गेलेली. आपल्या मराठीत गुजराती शब्द शिरले, स्वयंपाकघरात दोन्हीकडचे पदार्थ आले. तंजावरच्या राजकन्येबरोबर सासरी आलेल्या नर्तकींमुळे भरतनाट्यम बडोद्याचं झालं. यातलं कशानं आपण उणे झालो नाही.

मंडळात दर वर्षी गणपतीच्या सुमारास एक वाद होतो. मुलांचं नाटुकलं शुद्ध मराठीतच हवं की त्यांना येतं तशा मिश्र भाषेत चालेल? आरत्या देवनागरीत छापाव्यात की गुजराती लिपीत? हा वाद आपण काठीच्या वादासारखा घालतो, आणि शिकवायला कोण बसणार हा विषय निघाला की बैठक चहाला उठते. निदान आमच्यापुरतं आम्ही ठरवलं आहे की यंदा क्रम उलटा करायचा. आधी दर रविवारी मुलांना घेऊन बसणारे दोन जण नक्की करायचे, लिपीचं नंतर पाहू.

ज्या सभासदांची मुलं लंडनला आहेत, त्यांनी मे महिन्याच्या दुसऱ्या रविवारी कॉव्हेंट गार्डनला जरूर जावं. नातवंडांना पुढे बसवावं, आणि बॉटलर टोपी घेऊन आला की तिच्यात काही टाकावं. कोकणात जाताना कुडाळला थोडं थांबून पिंगुळीलाही जावं. तिथे मुलांना बाहुलीची दोरी एकदा हातात धरायला मिळाली, तर आम्ही इथे लिहिलेल्या सगळ्यापेक्षा त्यांना जास्त समजेल.